मेंदूला मीटर लावताना



न्यूरोफिजिक्स, म्हणजे मेंदूचे आणि मज्जातंतूंचे भौतिकशास्त्र, हा शब्द ऐकायला भारदस्त आहे. म्हणूनच तो कुणीही उचलतो. मज्जातंतूतली वीज मोजणारा संशोधक तो वापरतो, एमआरआयच्या चित्रांचा अर्थ लावणाराही वापरतो. मेंदूच्या धर्तीवर संगणकाची जाळी विणणारा वापरतो, आणि कपाळाला पट्टा बांधून मुलांची एकाग्रता वाढवून देण्याची हमी देणारा विक्रेताही बेलाशक वापरतो. यातला कोणता वापर कितपत खरा, हे शब्दकोश उघडून कळायचे नाही. कुणी काय मोजले आणि कशाने मोजले, हे पाहावे लागते.

सुरुवात बेडकापासून होते. इटलीत बोलोन्याला लुइजी गॅल्व्हानी यांनी मेलेल्या बेडकाची तंगडी विजेने उडते हे दाखवले आणि १७९१ साली त्यावर प्रबंध छापला. पण तंतूतून जाणारा संदेश किती वेगाने जातो, हे पुढची जवळजवळ साठ वर्षे कुणालाच सांगता येत नव्हते. जर्मन शरीरक्रियाशास्त्रातले दिग्गज योहानेस म्युलर यांना तर हा वेग मोजणे माणसाच्या आवाक्याबाहेरचे वाटे. त्यांच्याच एका विद्यार्थ्याने, हेर्मान हेल्महोल्ट्झने, क्योनिग्सबर्गमध्ये १८५० च्या सुमारास तो मोजला.

युक्ती पाहण्यासारखी आहे. बेडकाच्या पोटरीचा स्नायू आणि त्याला जोडलेला मज्जातंतू एवढेच घ्यायचे. तंतूला स्नायूच्या जवळ विजेचा झटका द्यायचा आणि स्नायू आखडायला किती वेळ लागतो ते पाहायचे. मग तोच झटका काही सेंटिमीटर लांब द्यायचा. दोन वेळांमधला फरक म्हणजे तेवढे अंतर कापायला संदेशाने घेतलेला वेळ. हा फरक सेकंदाच्या हजाराव्या भागाच्या आसपासचा. त्या काळातले कोणते घड्याळ तो दाखवणार? हेल्महोल्ट्झने घड्याळाऐवजी विजेचा प्रवाहच वापरला. झटक्याबरोबर प्रवाह सुरू व्हायचा आणि स्नायू आखडताच त्याच्याच हालचालीने तुटायचा. प्रवाह जितका वेळ टिकला, तितका गॅल्व्हानोमीटरचा काटा सरकला. उत्तर आले सेकंदाला सुमारे २७ मीटर, म्हणजे ताशी शंभर किलोमीटरला थोडे कमीच.

हे उत्तर अनेकांना पचले नाही. मनात आले आणि हात हलला, यांच्यामध्ये काही वेळ जातो ही कल्पनाच अवघड होती. आज आपल्याला माहीत आहे की माणसाच्या शरीरातले सर्वात जलद तंतू सेकंदाला शंभर मीटरच्याही पुढे जातात, तर ठणका वाहून नेणारे बारीक तंतू सेकंदाला जेमतेम मीटरभर. अंगठ्याला ठेच लागली की लागल्याचे आधी कळते आणि खरी कळ क्षणभराने मस्तकात जाते, ती यामुळेच.

हेल्महोल्ट्झच्याच काळात लाइपझिगचे गुस्टाव्ह फेख्नर यांनी सायकोफिजिक्स नावाचे शास्त्र उभे केले. त्यांचा ग्रंथ १८६० चा. नावाच्या सारखेपणामुळे दोन्हींची गल्लत होते. फेख्नर यांना वजन, प्रकाश, आवाज किती वाढला की माणसाला ती वाढ जाणवते, हे मोजायचे होते. मधल्या तंतूंत काय घडते, हा त्यांच्या मोजणीचा विषय नव्हता.

तंतूंत काय घडते हे ऐकू आले ते विसाव्या शतकात, आणि तेही रेडिओच्या कृपेने. पहिल्या महायुद्धात बिनतारी संदेशांसाठी व्हॉल्व्हचे ॲम्प्लिफायर सुधारले. केंब्रिजच्या एडगर एड्रियन यांनी तेच ॲम्प्लिफायर मज्जातंतूला जोडले आणि पुढे लाउडस्पीकर लावला. एकदा भेकाच्या दृष्टितंतूला जोडणी करून ते अंधारलेल्या खोलीत काम करत होते. लाउडस्पीकरमधून मध्येच खरखर येई आणि थांबे. कारण सापडेना. आपण खोलीत हललो की आवाज होतो, हे त्यांच्या ध्यानात आले तेव्हा उलगडा झाला: भेकाचा डोळा त्यांनाच पाहत होता आणि त्याची खबर स्पीकरवर येत होती!

एड्रियन यांच्या नोंदींतून निघालेली गोष्ट मात्र गमतीपेक्षा मोठी आहे. एका तंतूतला प्रत्येक स्पंद सारख्याच उंचीचा असतो. हात हलका दाबा की जोरात, स्पंद मोठा होत नाही. सेकंदाला येणाऱ्या स्पंदांची संख्या वाढते. १९३२ साली एड्रियन यांना चार्ल्स शेरिंग्टन यांच्यासह नोबेल मिळाले.

स्पंद सारख्याच उंचीचा का, या प्रश्नाचे उत्तर मिळाले माकुलाकडून. कोकण किनाऱ्यावर ज्याला माकूल म्हणतात तोच हा स्क्विड. धोका दिसताच पाणी पिचकारीसारखे मागे फेकून निसटण्यासाठी त्याच्या अंगात काही दांडगे मज्जातंतू असतात, अर्ध्या मिलिमीटरहूनही जाड. आपल्या शरीरातले तंतू याहून कितीतरी पटींनी बारीक. एवढ्या जाड तंतूच्या आत तार घालता येते. इंग्लंडमधल्या प्लिमथच्या सागरी प्रयोगशाळेत १९३९ साली ॲलन हॉजकिन आणि अँड्र्यू हक्सली यांनी ती घातली, आणि थोड्याच दिवसांत महायुद्ध पेटले. हॉजकिन रडारच्या कामाला गेले, हक्सली तोफांच्या नेमबाजीच्या गणिताकडे. माकूल थांबला.

युद्धानंतर दोघे परत त्याच तंतूकडे वळले. पेशीच्या पटलावरचा विद्युतदाब एका ठरावीक आकड्यावर जखडून ठेवायचा आणि त्या दाबाला पटलातून किती प्रवाह जातो ते टिपायचे, अशी त्यांची रीत. चित्र असे स्पष्ट झाले: विश्रांतीत असलेला तंतू बाहेरच्यापेक्षा आतून सुमारे ७० मिलिव्होल्टने ऋण असतो. दाब थोडा घसरला की सोडियमला वाट मिळते, सोडियम आत घुसतो आणि दाब उलटतो. मग पोटॅशियम बाहेर पडतो आणि सारे पूर्ववत होते. हे सगळे एखाद्या मिलिसेकंदाचे काम. शेजारच्या पटलाला त्याचा धक्का बसतो आणि तिथे हीच क्रिया नव्याने घडते. म्हणून स्पंद तारेतल्या विजेपेक्षा कितीतरी हळू जातो, पण वाटेत क्षीण होत नाही.

७० मिलिव्होल्ट हा आकडा किरकोळ वाटतो. पटलाची जाडी लक्षात घेतली की तो तसा राहत नाही. हे पटल मिलिमीटरच्या दोन लाखाव्या भागाइतके पातळ असते. तेवढ्याशा अंतरावर ७० मिलिव्होल्ट, म्हणजे मीटरला सुमारे एक कोटी चाळीस लाख व्होल्ट. कोरड्या हवेत ठिणगी पडायला मीटरला तीस लाख व्होल्ट पुरतात.

या चित्राची परीक्षा गणिताने घ्यायची होती. केंब्रिजचा संगणक नेमका तेव्हा मोठ्या फेरबदलांसाठी बंद. हक्सली यांनी ब्रुन्सविगा नावाच्या हाताने फिरवायच्या गणकयंत्रावर आठवडेच्या आठवडे हँडल फिरवून समीकरणे सोडवली. हिशेबातून स्पंदाचा वेग निघाला सेकंदाला १८.८ मीटर, प्रत्यक्ष तंतूवर मोजलेला होता २१.२. हे लेख १९५२ साली प्रसिद्ध झाले आणि १९६३ चे नोबेल त्यांना जॉन एक्लस यांच्यासह मिळाले. न्यूरोफिजिक्स या शब्दाचा सगळ्यात भक्कम अर्थ कुणी विचारला तर या दोन आकड्यांकडे बोट दाखवावे. सोडियमची दारे कशी दिसतात हे कुणी पाहिलेले नसताना केवळ मोजमापावरून वेग वर्तवला आणि तो जवळपास बरोबर ठरला.

त्या दारांचा माग काढण्यात मुंबईचाही एक धागा आहे. कुलाब्याच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतले ओबेद सिद्दीकी यांनी सेमूर बेन्झर यांच्याबरोबर १९७६ साली फळमाशीच्या काही विचित्र वाणांवर शोधनिबंध लिहिला. या माश्या साध्या तापमानाला उडत-फिरत असतात. २९ अंशांच्या आसपास गेल्या की लुळ्या पडतात आणि गारवा मिळताच उठतात. त्यांचे तंतू उष्णतेत स्पंद वाहून नेत नाहीत, हे त्या दोघांनी दाखवले. पुढे १९८९ मध्ये कळले की त्यांतल्या एका वाणात बिघडलेले जनुक सोडियमच्या दाराचेच आहे. प्लिमथमध्ये कागदावर मांडलेले दार कुलाब्याच्या वाटेने माशीत सापडले, असे म्हणायला हरकत नाही.

आता कवटीच्या बाहेर येऊ. जर्मनीत येनाचे मनोविकारतज्ज्ञ हान्स बर्गर तरुणपणी लष्करात असताना घोड्यावरून पडले आणि तोफेच्या गाड्याखाली येता येता वाचले. त्याच संध्याकाळी घरून खुशाली विचारणारी तार आली. बहिणीला उगाचच धास्ती वाटली होती म्हणे. मनातली शक्ती दूरवर पोहोचते अशी त्यांची खात्री पटली आणि ती शोधायला ते मेंदूच्या विजेमागे लागले. दूरसंवेदन काही मिळाले नाही. १९२४ मध्ये मिळाला तो माणसाच्या डोक्यावरून घेतलेला विजेचा पहिला आलेख, आज ज्याला ईईजी म्हणतात. पाच वर्षांनी, १९२९ साली, त्यांनी तो छापला. डोळे मिटले की सेकंदाला दहाच्या आसपास लाटा उठतात, उघडले की मावळतात. फारसे कुणी मनावर घेतले नाही. १९३४ मध्ये एड्रियन यांनी ब्रायन मॅथ्यूज यांच्याबरोबर तोच प्रयोग केला तेव्हा लोकांना पटले. लाटा एड्रियन यांच्या डोक्यावर झकास उठत. मॅथ्यूज यांच्या डोक्यावर नीट उठत नसत.

या लाटा पन्नासेक मायक्रोव्होल्टच्या असतात, घड्याळातल्या दीड व्होल्टच्या सेलच्या तीस हजाराव्या हिश्शाएवढ्या. साधी पापणी लवली तरी याहून मोठा विद्युतदाब उमटतो आणि कपाळाचे स्नायू आखडले की त्यांची वीज यात मिसळते. एकाग्रतेचे पट्टे विकत घेणाऱ्याने एवढे विचारावे, की हे यंत्र मेंदू ऐकते की भुवया?

असाच एक इशारा एमआरआयवाल्यांनी स्वतःच स्वतःला दिला. रक्तातला प्राणवायू कमी-जास्त झाला की त्याचे चुंबकीय वर्तन बदलते. त्यावरून मेंदूचा कोणता भाग कामात आहे हे ताडता येते, हे सेइजी ओगावा यांनी १९९० मध्ये दाखवले. पण मेंदूचे असे चित्र हजारो ठिपक्यांचे असते आणि प्रत्येक ठिपक्याची वेगळी परीक्षा घेतली तर काही ठिपके निव्वळ योगायोगाने 'पास' होतात. अमेरिकेतल्या काही संशोधकांनी २००९ मध्ये यंत्रात एक मेलेला सामन मासा ठेवला, त्याला माणसांची छायाचित्रे दाखवली आणि दुरुस्ती न करता हिशेब मांडला. माशाच्या मेंदूत 'हालचाल' दिसली. हिशेब नीट केल्यावर ती नाहीशी झाली. या कामाला २०१२ चे इग नोबेल मिळाले.

शब्दाचा आणखी एक वापर सिद्धान्तवाल्यांचा. जॉन हॉपफिल्ड यांनी १९८२ मध्ये चुंबकीय पदार्थांतल्या अणूंचे गणित घेऊन आठवण साठवणारे जाळे मांडले, त्यावर २०२४ चे भौतिकशास्त्राचे नोबेल वाटून मिळाले. हा वापर रास्त आहे, फक्त तिथे मेंदू हा नमुना असतो, मोजायची वस्तू नसते. क्वांटमचा मामला जास्त डळमळीत. जाणिवेचे मूळ क्वांटम भौतिकीत असावे असे रॉजर पेनरोज मानतात. मॅक्स टेगमार्क यांनी २००० मध्ये हिशेब केला, की मेंदूच्या उबेत असली नाजूक अवस्था सेकंदाच्या दहा लाख कोटीव्या भागापलीकडे टिकायची नाही, आणि स्पंदाला तर मिलिसेकंद लागतो. वाद मिटलेला नाही. पण बाजारातल्या 'क्वांटम ब्रेन' शिबिरांना या वादाची गंधवार्ताही नसते.

मोजणारे दरम्यान पुढे गेले आहेत. मेंदूतल्या प्रवाहांमुळे चुंबकीय क्षेत्रही निर्माण होते, पृथ्वीच्या क्षेत्रापेक्षा कोट्यवधी पटींनी दुबळे. डेव्हिड कोहेन यांनी १९६८ मध्ये तांब्याच्या वेटोळ्याने ते टिपले आणि १९७२ मध्ये उणे २६९ अंशांवर चालणाऱ्या अतिसंवाहक संवेदकाने. अपस्माराच्या रुग्णाचे झटके मेंदूच्या नेमक्या कोणत्या भागातून उठतात हे शस्त्रक्रियेआधी ठरवायला हे तंत्र, म्हणजे एमईजी, उपयोगी पडते. बंगळूरच्या निमहान्समध्ये ही सोय आहे. अडचण अशी, की द्रवरूप हेलियमच्या अवजड टोपाखाली रुग्णाला डोके अजिबात न हलवता बसावे लागते. लहान मुलाला हे कसे जमावे? म्हणून रुबिडियमच्या वाफेवर चालणारे, हेलियम न लागणारे छोटे संवेदक आले. नॉटिंगहॅम आणि लंडनच्या गटांनी २०१८ मध्ये ते डोक्यावर घालायच्या शिरस्त्राणात बसवले. मापे चालू असताना ते घातलेल्या व्यक्तीने मान डोलावली, चहा प्यायला, चेंडूही टोलवला. पृथ्वीचे क्षेत्र अडवणारी, खास धातूच्या थरांनी मढवलेली खोली मात्र अजून लागतेच, आणि तिच्याच खर्चाने बहुतेक रुग्णालये मागे हटतात.