घरची सेप्टिक टाकी



जेथें भुयारी गटार पोहोंचलेलें नाहीं, तेथें संडासाची व्यवस्था घरधन्यासच पाहावी लागते. बहुधा तो सेप्टिक टाकी बांधवितो व निश्चिंत होतो. टाकींतून निघणारें पाणी शुद्ध असतें, अशी त्याची समजूत असते. ही समजूत घातक आहे.

१८९५ च्या सुमारास इंग्लंडांतील एक्झेटर येथें डोनाल्ड कॅमेरॉन यांनीं अशा टाकीस 'सेप्टिक', म्हणजे कुजविणारी, हें नांव दिलें. तिचें कार्य नांवांतच आहे. जड मैला तळाशीं बसतो, तेलकट भाग सायीसारखा वर तरंगतो, आणि हवेवांचून जगणारे जंतु गाळाचा कांहीं अंश कुजवितात. मधल्या पाण्यांत रोगजंतु उरतातच. तें गाळून निर्मळ करण्याचें काम पुढें जमीन करते. म्हणून टाकीइतकेंच महत्त्व शोषखड्ड्यास आहे.

भारतीय मानकाप्रमाणें ५ माणसांस १.५ मीटर लांब, ०.७५ मीटर रुंद व सुमारें १ मीटर पाण्याच्या खोलीची टाकी पुरते. आंतील नळ्यांचीं तोंडें पाण्याखालीं वळविलेलीं असावींत, म्हणजे साय खड्ड्यांत जात नाहीं. वायुनळीस जाळी बांधावी. पावसाचें पाणी टाकींत सोडूं नये. पिण्याच्या विहिरीपासून शोषखड्डा निदान १८ मीटर दूर असावा. कोंकणांत मात्र या आंकड्यावर विसंबूं नये. जांभ्याच्या भेगांतून मैलापाणी न गाळतांच विहिरीस मिळूं शकतें.

दर दोन-तीन वर्षांनीं गाळ उपसावा. न उपसल्यास तो शोषखड्ड्यांत शिरून जमिनीचीं छिद्रें बुजवितो, आणि मग मैलापाणी अंगणांत येतें. संडासांत तीव्र आम्ल व फिनेल वारंवार ओतूं नये. त्यानें उपयुक्त जंतु मरतात.

शेवटची गोष्ट सर्वांत महत्त्वाची. गाळ यंत्राच्या गाडीनेंच उपसवावा. माणसास टाकींत उतरवूं नये. आंतील हायड्रोजन सल्फाइड वायूस प्रथम सडक्या अंड्यासारखा वास येतो. प्रमाण वाढतांच वासाची जाणीवच नष्ट होते. 'वास नाहीं, म्हणजे धोका नाहीं' हा हिशेब प्राणावर बेततो, आणि पहिल्यास वांचविण्यास उतरलेला दुसराही परत येत नाहीं. संरक्षक साधनांवांचून माणसास टाकी साफ करावयास लावणें २०१३ च्या कायद्यानें गुन्हा आहे. पण कायद्याची वाट कशास पाहावी? थोडे पैसे वांचविण्यासाठीं कोणाच्या घरचा कर्ता पुरुष जाऊं नये, एवढी काळजी आपण प्रत्येकानें घेतली पाहिजे.