समोरचे दार



८ जून २०१४ रोजी वर्सोवा-अंधेरी-घाटकोपर मेट्रो सुरू झाली. रस्त्याने तासाहून अधिक खाणारा प्रवास वीस-बावीस मिनिटांवर आला. वाचलेला तो वेळ गेला कुठे, असे मी एकदा स्वतःला विचारले आणि निरुत्तर झालो.

मी पत्रकार. जगाची वार्ता घरोघरी पोहोचविणे हा माझा व्यवसाय. परंतु समोरच्या घरातील आजोबा आठ दिवस रुग्णालयात होते, हे मला रखवालदाराकडून कळले! जुन्या इमारतीत त्यांच्याच घरून आमच्याकडे विरजण येई. पुनर्विकास झाला, घरे मोठी झाली आणि दारे मिटली.

'काळच बदलला' असे म्हणून आपण मोकळे होतो. पण अंधेरीशेजारच्या पार्ल्याकडे पाहा. लोकमान्यांच्या निधनानंतर तीन वर्षांच्या आत, १९२३ साली, तेथे लोकमान्य सेवा संघ उभा राहिला. २०२३ मध्ये त्याने शंभरी गाठली. त्या पिढीतील कितीतरी कुटुंबेही आपले गाव सोडून नव्या उपनगरात आलेलीच होती. शेजार त्यांना आयता मिळाला नव्हता. ग्रंथालय, व्याख्याने, उत्सव यांतून त्यांनी तो घडविला. आपुलकी वारशाने मिळत नाही, ती प्रत्येक पिढीला नव्याने उभारावी लागते.

आता रोज सायंकाळी मी आजोबांपाशी अर्धा तास बसतो. मेट्रोने वाचविलेला वेळ मला तेथे सापडला. जगण्याचा अर्थही बहुधा त्याच्याच आसपास असावा.

आज घरी परतल्यावर आपणही समोरच्या दाराची घंटा वाजवा. काम नसताना वाजवा.