दोन मिनिटांच्या फेऱ्यांतील विजेती : केटी टेलर

आयर्लंडची मुष्टियोद्धा केटी टेलर हिच्या व्यावसायिक कारकिर्दीची नोंद जुलै २०२५ मधील लढतीनंतर २६ लढती, २५ विजय आणि १ पराभव अशी होती, आणि त्या २५ विजयांपैकी अवघे ६ विजय प्रतिस्पर्ध्याला खाली पाडून किंवा पंचांनी लढत मध्येच थांबवल्यामुळे मिळालेले होते. म्हणजे तिच्या कीर्तीचा बराच मोठा भाग परीक्षकांच्या गुणपत्रिकांवर उभा आहे, आणि ज्या लढतींमुळे ती जगभर ओळखली गेली त्यांतील बहुतेक लढतींचे निकाल एकदोन फेऱ्यांच्या फरकाने लागलेले, काही तर आजही वादात असलेले आहेत. मुष्टियुद्धाच्या इतिहासात अपराजित राहण्याला अवाजवी महत्त्व दिले जाते, आणि त्या मोजपट्टीने पाहिले तर टेलरचे मोठेपण कदाचित निसटूनच जाईल. ज्या खेळात स्त्रियांना उतरण्याची परवानगीच नव्हती त्या खेळात आधी परवानगी, मग स्पर्धा आणि अखेरीस तोडीस तोड प्रतिस्पर्धी अशा तिन्ही गोष्टी तिच्या डोळ्यांदेखत उभ्या राहिल्या, आणि त्या उभ्या राहण्यात तिचा स्वतःचा वाटा मोठा होता, हे या व्याख्यानाचे मुख्य प्रतिपादन आहे.

टेलरचा जन्म २ जुलै १९८६ रोजी डब्लिनच्या दक्षिणेस समुद्रकाठी वसलेल्या ब्रे या गावी झाला. वडील पीटर टेलर मूळचे इंग्लंडमधील लीड्सचे, स्वतः आयर्लंडचे राष्ट्रीय विजेते मुष्टियोद्धा आणि पुढे तिचे प्रशिक्षक. आई ब्रिजेट हीदेखील पंच आणि परीक्षक म्हणून याच खेळाशी जोडलेली होती. घरात खेळ होता, पण देशात मुलींसाठी अधिकृत लढत नव्हती, त्यामुळे शिरस्त्राणाखाली केस दडवून आणि ‘के. टेलर’ एवढेच नाव लावून तिला मुलांविरुद्ध रिंगणात उतरावे लागे. ३१ ऑक्टोबर २००१ रोजी डब्लिनच्या नॅशनल स्टेडियममध्ये आयर्लंडमधील स्त्रियांची पहिली अधिकृत लढत झाली आणि ती १५ वर्षांच्या टेलरने जिंकली. त्याच वर्षी स्त्रियांची पहिली जागतिक हौशी स्पर्धा अमेरिकेतील स्क्रँटन येथे भरली होती, हे लक्षात घेतले म्हणजे या खेळाची अधिकृत परंपरा किती अलीकडची आहे ते कळते.

तिच्या आधीच्या पिढीला काय सोसावे लागले ते पाहिल्याशिवाय हा प्रसंग नीट कळत नाही. आयर्लंडमधील ड्रोहेडाची डिअर्ड्रे गोगार्टी हिला मायदेशात व्यावसायिक परवाना मिळण्याची शक्यता नव्हती, म्हणून ती अमेरिकेत गेली आणि मार्च १९९६ मध्ये लास व्हेगास येथे क्रिस्टी मार्टिनशी लढली. ती लढत माइक टायसन आणि फ्रँक ब्रुनो यांच्या लढतीपूर्वीच्या कार्यक्रमात, म्हणजे मुख्य लढतीआधी प्रेक्षकांचा वेळ भरून काढण्यासाठी ठेवली गेली होती. गोगार्टी हरली, पण त्या रात्री अमेरिकेने प्रथमच स्त्रियांचे मुष्टियुद्ध गांभीर्याने पाहिले. ब्रिटनमध्ये तर जेन काउच हिला परवान्यासाठी न्यायाधिकरणाकडे जावे लागले. मासिक पाळीच्या आधी स्त्रिया भावनिकदृष्ट्या अस्थिर होतात असा युक्तिवाद नियामक मंडळाच्या बाजूने तिथे केला गेला, आणि १९९८ मध्ये न्यायाधिकरणाने हा लिंगभेद असल्याचा निर्णय दिला. हा युक्तिवाद एकोणिसाव्या शतकातला नसून विसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकातला आहे, याची नोंद घेतलेली बरी.

टेलरच्या हौशी कारकिर्दीतील पदकांची यादी लांबलचक आहे. ६० किलो वजनगटात तिने २००६ ते २०१४ या काळात ओळीने पाच जागतिक अजिंक्यपदे मिळवली आणि युरोपीय अजिंक्यपद सहा वेळा पटकावले. शिवाय त्याच काळात ती आयर्लंडच्या राष्ट्रीय फुटबॉल संघातून ११ आंतरराष्ट्रीय सामने खेळली. या पाचांपैकी पहिले जागतिक अजिंक्यपद तिने २००६ साली नवी दिल्लीत मिळवले, आणि त्याच स्पर्धेत मणिपूरच्या मेरी कोमने ४६ किलो गटात आपले तिसरे जागतिक सुवर्ण जिंकले. एकीकडे युरोपातील आणि दुसरीकडे ईशान्य भारतातील या दोघी एकाच छताखाली जागतिक विजेत्या ठरल्या, तरी त्या दोघींच्याही खेळाला तोवर ऑलिम्पिकमध्ये जागा नव्हती. २००५ साली आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीने बीजिंग स्पर्धेसाठी स्त्रियांच्या मुष्टियुद्धाचा प्रस्ताव फेटाळला होता. हा खेळ पाहण्याजोगा, कौशल्याचा आणि सुरक्षित आहे हे पटवून देण्यासाठी पुढची काही वर्षे जे प्रयत्न झाले त्यांत टेलरच्या प्रदर्शनीय लढतींचा उपयोग झाला, आणि ऑगस्ट २००९ मध्ये समितीने लंडन स्पर्धेसाठी होकार दिला.

होकार मिळाला तोही हात आखडता घेऊन. पुरुषांसाठी दहा वजनगट होते, तर स्त्रियांसाठी ५१, ६० आणि ७५ किलो असे फक्त तीन. सगळ्या मिळून ३६ स्पर्धक. त्यामुळे ४६ ते ४८ किलो वजनात आयुष्य घालवलेल्या मेरी कोमला ५१ किलो गटात चढून आपल्यापेक्षा थोराड प्रतिस्पर्ध्यांशी लढावे लागले आणि उपांत्य फेरीत निकोला अ‍ॅडम्सकडून हरून कांस्यपदकावर समाधान मानावे लागले. टेलरचा गट तिच्या नैसर्गिक वजनाचा होता, हा तिचा सुदैवाचा भाग. आयर्लंडची ध्वजवाहक म्हणून ती लंडनला उतरली होती, आणि ब्रिटनच्या नताशा जोनासविरुद्धच्या उपांत्यपूर्व लढतीत सभागृहातील आवाज कानठळ्या बसवणारा झाला होता. अंतिम फेरीत तिच्यासमोर रशियाची सोफिया ओचिगावा होती. त्या काळी अचूक बसलेल्या ठोशांची मोजणी परीक्षक संगणकाची बटणे दाबून करीत. दोन-दोन मिनिटांच्या चार फेऱ्यांपैकी दुसऱ्या फेरीअखेर ओचिगावा ४-३ अशी पुढे होती, तिसऱ्या फेरीत टेलरने बाजी उलटवली आणि ९ ऑगस्ट २०१२ रोजी ती १०-८ अशी जिंकली. आयर्लंडला मुष्टियुद्धात २० वर्षांनी मिळालेले हे सुवर्णपदक होते.

चार वर्षांनी रिओमध्ये मात्र फिनलंडच्या मिरा पोत्कोनेनकडून ती उपांत्यपूर्व फेरीतच हरली. दरम्यान वडील तिच्या प्रशिक्षणातून दूर झाले होते, आणि तिशीला पोहोचलेली ही खेळाडू संपली असा निष्कर्ष त्या वेळी कोणी काढला असता तर तो फारसा आश्चर्यकारक ठरला नसता. तिने मात्र अमेरिकेतील कनेटिकट राज्यात रॉस एनामेट या प्रशिक्षकाकडे मुक्काम हलवला, इंग्लंडमधील आयोजक एडी हर्न यांच्याशी करार केला आणि २६ नोव्हेंबर २०१६ रोजी लंडनच्या वेम्बली अरीनात व्यावसायिक पदार्पण केले.

इथे व्यावसायिक मुष्टियुद्धाची रचना थोडक्यात सांगणे आवश्यक आहे. या क्षेत्रात एकच जागतिक संघटना नसून डब्ल्यूबीए, डब्ल्यूबीसी, आयबीएफ आणि डब्ल्यूबीओ अशा चार प्रमुख संघटना आपापला विजेतेपदाचा पट्टा देतात, आणि एका वजनगटातील चारही पट्टे ज्याच्याकडे असतात त्याला निर्विवाद विजेता म्हणतात. पुरुषांची विजेतेपदाची लढत तीन मिनिटांच्या १२ फेऱ्यांची, म्हणजे ३६ मिनिटांची असते, तर स्त्रियांची दोन मिनिटांच्या १० फेऱ्यांची, म्हणजे २० मिनिटांची. प्रत्येक फेरीत जिंकणाऱ्याला १० आणि हरणाऱ्याला सहसा ९ गुण असे तीन परीक्षक स्वतंत्रपणे देतात. दोन मिनिटांत प्रतिस्पर्ध्याला थकवून, कोपऱ्यात कोंडून खाली पाडायला वेळ अपुरा पडतो. साहजिकच फेरीचा वेग वाढतो, ठोशांची संख्या वाढते, पण लढत मध्येच संपण्याचे प्रमाण घटते आणि निर्णय परीक्षकांच्या हाती जातो. टेलरची शैली या वेळेत चपखल बसणारी आहे: झपाट्याने आत शिरायचे, तीन-चार ठोशांची मालिका सोडायची आणि प्रत्युत्तर येण्याआधी पायांच्या चपळाईने बाहेर पडायचे. तिच्या विजयांत नॉकआउट कमी का, याचे उत्तर जसे तिच्या हातांत आहे तसे या घड्याळातही आहे.

लाइटवेट, म्हणजे १३५ पौंड किंवा सुमारे ६१ किलोच्या गटात, सातव्याच लढतीत ऑक्टोबर २०१७ मध्ये तिने डब्ल्यूबीएचा पट्टा मिळवला आणि मार्च २०१९ पर्यंत आयबीएफ व डब्ल्यूबीओ यांचे पट्टेही तिच्याकडे आले. चौथा पट्टा बेल्जियमच्या डेल्फिन पेर्सून हिच्याकडे होता. व्यवसायाने रेल्वे पोलीस असलेली ही स्त्री अव्याहत पुढे चाल करून येणारी, वरकरणी ओबडधोबड शैलीची लढवय्या होती, आणि १ जून २०१९ रोजी न्यू यॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये शेवटच्या फेऱ्यांत तिने टेलरची अक्षरशः दमछाक केली. दोन परीक्षकांनी टेलरला ९६-९४ असे पुढे ठेवले, तिसऱ्याने ९५-९५ अशी बरोबरी दिली. अनेक जाणकारांना हा निकाल पेर्सूनवर अन्याय करणारा वाटला, आणि लढतीचे चित्रीकरण पुन्हा पाहिले तर त्यांचे म्हणणे सहज खोडून काढता येत नाही. मात्र पट्टे हाती असलेले विजेते अशा प्रतिस्पर्ध्याला पुन्हा जवळ करीत नाहीत असा या धंद्याचा रिवाज असताना, टेलर ऑगस्ट २०२० मध्ये पेर्सूनसमोर पुन्हा उभी राहिली आणि या वेळी तिन्ही परीक्षकांच्या एकमताने जिंकली.

हीच वृत्ती तिच्या सगळ्यात गाजलेल्या प्रतिस्पर्धेत दिसते. प्वेर्तो रिकोची अमांडा सेरानो ही सात वजनगटांत विजेतेपदे मिळवलेली डावखुरी मुष्टियोद्धा, आणि तिच्या विजयांपैकी तीसहून अधिक नॉकआउटने आलेले. ३० एप्रिल २०२२ रोजी मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये या दोघींची लढत झाली, तेव्हा त्या वास्तूच्या इतिहासात प्रथमच स्त्रियांची लढत रात्रीची मुख्य लढत होती आणि सभागृह १९,१८७ प्रेक्षकांनी भरले होते. पाचव्या फेरीत सेरानोच्या ठोशांनी टेलर रक्तबंबाळ झाली आणि ती लढत तिथेच संपते की काय असे वाटले. पण उत्तरार्धात तिने अंतर राखून एकेक फेरी परत मिळवली, दहावी फेरी दोघींनी समोरासमोर उभे राहून ठोशांच्या वर्षावात काढली, आणि तिघांपैकी दोन परीक्षकांनी टेलरला कौल दिला.

तिचा एकमेव पराभव तिच्या देशातील पहिल्याच व्यावसायिक लढतीत झाला. २० मे २०२३ रोजी डब्लिनमध्ये सेरानोशी पुन्हा लढत ठरली होती, पण सेरानो जखमी झाली; तेव्हा टेलरने एक गट वर चढून १४० पौंडांची निर्विवाद विजेती, इंग्लंडची चँटेल कॅमेरॉन हिचे आव्हान स्वीकारले आणि आपल्या प्रेक्षकांसमोर ती हरली. एखादी सोपी लढत घेऊन घरचा सोहळा साजरा करणे तिला शक्य होते. त्याच शहरात, त्याच कॅमेरॉनविरुद्ध २५ नोव्हेंबर २०२३ रोजी ती जिंकली आणि दुसऱ्या वजनगटातही निर्विवाद विजेती झाली. पहिल्या लढतीचा पराभव आणि दुसऱ्या लढतीचा विजय या दोन्ही निकालांत एका परीक्षकाने ९५-९५ अशी बरोबरी दिली होती.

१५ नोव्हेंबर २०२४ रोजी टेक्सासमधील आर्लिंग्टन येथे सेरानोशी दुसरी लढत झाली. तिन्ही परीक्षकांनी टेलरच्या बाजूने ९५-९४ असे गुण दिले, आणि डोके आदळल्याबद्दल टेलरचा एक गुण कापला गेला होता हे लक्षात घेतले तर तिघांनीही तिला दहापैकी सहा फेऱ्या दिल्या होत्या असा त्याचा अर्थ होतो. डोळ्यावर खोल जखम होऊनही सेरानो शेवटपर्यंत लढली, आणि प्रेक्षकांचा मोठा वर्ग तिच्याच बाजूने होता. योगायोग असा की ही लढतही टायसनच्याच कार्यक्रमात, जेक पॉलशी झालेल्या त्याच्या लढतीआधी ठेवली होती. गोगार्टीनंतर २८ वर्षांनीही सर्वोत्तम स्त्रिया त्याच नावाच्या आधाराने पडद्यावर येत होत्या, आणि त्या रात्रीची खरी लढत मात्र त्यांचीच होती. ११ जुलै २०२५ च्या तिसऱ्या लढतीत हा आधारही उरला नाही. मॅडिसन स्क्वेअर गार्डनमधील त्या रात्रीच्या सगळ्या लढती स्त्रियांच्या होत्या, आणि टेलरने सेरानोला दोन परीक्षकांच्या ९७-९३ आणि तिसऱ्याच्या ९५-९५ अशा बहुमताने तिसऱ्यांदा हरवले.

फेरीच्या लांबीचा प्रश्न मात्र सुटलेला नाही. सेरानोने ऑक्टोबर २०२३ मध्ये ब्राझीलच्या दानिला रामोसविरुद्ध पुरुषांप्रमाणे तीन मिनिटांच्या १२ फेऱ्यांची लढत जिंकून दाखवली, आणि स्त्रियांना तशी मुभा न देणाऱ्या डब्ल्यूबीसीचा पट्टा तिने सोडून दिला. तरी टेलरशी झालेल्या तिच्या तिन्ही लढती दोन मिनिटांच्या दहा फेऱ्यांच्याच झाल्या. तीन मिनिटांच्या फेऱ्यांत या दोघींमधील निकाल काय लागला असता हे कोणालाच सांगता येणार नाही, आणि टेलरच्या नोंदीतील ही एक खरी रिकामी जागा आहे. तिच्या मोठेपणाचे मूल्यमापन करणाऱ्याने ती झाकू नये.

टेलरच्या कारकिर्दीचा आयर्लंडमध्ये परिणाम काय झाला, हे पदकतक्त्यावर दिसते. मे २०२२ मध्ये इस्तंबूलच्या ज्या जागतिक स्पर्धेत भारताच्या निखत झरीनने सुवर्ण जिंकले, तिथेच एमी ब्रॉडहर्स्ट आणि लिसा ओ’रूर्क या आयर्लंडच्या दोघी जगज्जेत्या ठरल्या. आणि टेलरने सोडलेल्या ६० किलो गटात डब्लिनच्या केली हॅरिंग्टनने टोकियो आणि पॅरिस अशा लागोपाठ दोन ऑलिम्पिकमध्ये सुवर्णपदक मिळवले.