पदकांचा तक्ता आणि आपला क्रमांक

(संस्थेच्या वार्षिक पारितोषिक वितरण समारंभात केलेले भाषण)



आज येथे परीक्षेतील आणि मैदानावरील यशाबद्दल बक्षिसे वाटली गेली. अशा दिवशी घरी परतलेल्या मुलाला पहिला प्रश्न ठरलेला असतो, “कितवा नंबर आला?” मूल काय शिकले, कोठून निघून कोठवर पोचले, हे प्रश्न मागाहून येतात, पुष्कळदा येतही नाहीत. घरात जे चालते तेच जगातही चालते. आंतरराष्ट्रीय क्रीडास्पर्धा सुरू झाली की वर्तमानपत्रात रोज पदकांचा तक्ता छापून येतो आणि आपण आपल्या देशाचा नंबर शोधू लागतो. हा नंबर लावतात कसा, आणि त्यावरून आपण काय शिकावे, याविषयी थोडे बोलावे असे मी योजिले आहे.

उदाहरण आपल्याच राज्यातील घेऊ. १२ ते १८ ऑक्टोबर २००८ या काळात पुण्याजवळ बालेवाडी येथील श्री शिवछत्रपती क्रीडानगरीत तिसरी राष्ट्रकुल युवा क्रीडास्पर्धा भरली होती. पहिली २००० साली स्कॉटलंडमधील एडिंबरो येथे आणि दुसरी २००४ साली ऑस्ट्रेलियातील बेंडिगो येथे झाली होती. पुण्याला ७१ देश-प्रदेशांची मुलेमुली आली. खेळ नऊ होते : मैदानी स्पर्धा, जलतरण, बॅडमिंटन, मुष्टियुद्ध, नेमबाजी, टेबल टेनिस, टेनिस, भारोत्तोलन आणि कुस्ती. शेवटच्या दिवशी तक्ता पूर्ण झाला तेव्हा भारत सर्वांच्या वर होता. भारताची ३३ सुवर्ण, २६ रौप्य आणि १७ कांस्य मिळून ७६ पदके झाली. ऑस्ट्रेलिया २४ सुवर्णांसह दुसरा आला, त्याची एकूण पदके ६५. इंग्लंड १८ सुवर्णांसह तिसरा. ही निश्चितच अभिमानाची गोष्ट होती.

आता नियम पाहू. प्रचलित पद्धतीत प्रथम केवळ सुवर्णपदके मोजतात. ती समान असतील तरच रौप्य पाहतात, आणि तीही समान असतील तर कांस्य. २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये अमेरिका आणि चीन या दोघांचीही ४० सुवर्णपदके झाली. अमेरिकेची रौप्यपदके ४४ व चीनची २७, म्हणून अमेरिका पहिली ठरली. त्याच स्पर्धेत भारताला एक रौप्य आणि पाच कांस्य अशी सहा पदके मिळाली. पाकिस्तानला एकच मिळाले, पण ते अर्शद नदीम यांनी भालाफेकीत मिळवलेले सुवर्ण होते. म्हणून सहा पदकांचा भारत ७१ वा आणि एका पदकाचा पाकिस्तान ६२ वा! म्हणजे एका सुवर्णापुढे कितीही रौप्यपदके ठेवली तरी या नियमात ती कमीच पडतात.

विद्यार्थी मित्रहो, येथे एक गणित करून पाहा. आपल्या शालेय स्पर्धांत पहिल्याला ५, दुसऱ्याला ३ आणि तिसऱ्याला १ असे गुण धरून सर्वसाधारण विजेतेपद ठरवतात. ही पद्धत २०१० च्या दिल्ली राष्ट्रकुल स्पर्धेला लावा. तेथे ऑस्ट्रेलिया पहिला होता. भारत ३८ सुवर्णांसह दुसरा आणि इंग्लंड ३७ सुवर्णांसह तिसरा. एका सुवर्णाने आपण वर राहिलो, परंतु एकूण पदके भारताची १०१ आणि इंग्लंडची १४२ होती. ५-३-१ च्या हिशोबाने भारताचे गुण तीनशेच्या थोडे वर भरतात आणि इंग्लंडचे चारशेच्या पलीकडे जातात. खेळाडू तेच, मैदान तेच, घाम तोच; मोजण्याची रीत बदलली आणि नंबर बदलला. २००८ च्या बीजिंग ऑलिंपिकच्या वेळीही असेच घडले. जगभर ५१ सुवर्णपदकांच्या चीनला पहिला म्हटले जात होते, तर अमेरिकेतील अनेक वर्तमानपत्रे एकूण पदके मोजून आपल्या देशाला पहिला छापत होती, कारण अमेरिकेची पदके ११० आणि चीनची १०० होती.

या बीजिंगच्या तक्त्याची आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. जुन्या नमुन्यांची पुन्हा तपासणी झाल्यावर निषिद्ध औषधे घेतल्याबद्दल चीनच्या तीन महिला भारोत्तोलकांची सुवर्णपदके २०१७ साली, म्हणजे आठ वर्षांनी काढून घेण्यात आली. खोट्या मार्गाने मिळवलेला नंबर टिकत नाही, हे परीक्षेत कॉपी करू पाहणाऱ्यांनीही समजून घ्यावे.

तक्त्यात न दिसणाऱ्या गोष्टी याहून अधिक आहेत. यजमान देशाला आपले मैदान, आपले हवामान, आपले प्रेक्षक आणि मोठा संघ उतरवण्याची संधी लाभते. पुण्यात आपणास हा लाभ मिळाला, हे मान्य केल्याने आपल्या मुलांचा पराक्रम उणा होत नाही. दुसरे असे की, स्पर्धेत कोणते खेळ ठेवायचे यावरही नंबर ठरतो. २०१८ च्या गोल्ड कोस्ट राष्ट्रकुल स्पर्धेत भारत तिसरा होता. २६ सुवर्णांपैकी सात एकट्या नेमबाजीत आली होती. २०२२ ला बर्मिंगहॅम येथे नेमबाजी ठेवलीच नाही आणि भारत चौथा आला.

तिसरी गोष्ट लोकसंख्येची. कॅरिबियन समुद्रातील सेंट लुशिया या बेटाची लोकसंख्या पावणेदोन-दोन लाखांच्या आसपास. आपल्या भंडारा जिल्ह्याची २०११ च्या जनगणनेत १२ लाख होती. पॅरिसला या बेटाच्या ज्युलियन आल्फ्रेड हिने महिलांची १०० मीटर धावण्याची शर्यत जिंकली आणि २०० मीटरमध्ये रौप्य मिळवले. एका मुलीच्या दोन पदकांनी ते बेट १४० कोटींच्या भारताच्या वर गेले. ही मुलगी १४ वर्षांची असताना प्रशिक्षणासाठी घर सोडून जमैकाला गेली होती. तेव्हा लोकसंख्या मोठी असणे पुरेसे नाही. त्यातील किती मुले मैदानापर्यंत पोचतात, यावर सारे अवलंबून आहे.

युवा स्पर्धांचा मूळ हेतूही तक्त्यापुरता नाही. २०१० साली सिंगापूरला युवा ऑलिंपिक सुरू झाले, तेव्हा निरनिराळ्या देशांच्या मुलांचे मिश्र संघ करण्याची प्रथा मुद्दाम ठेवली गेली. २०१८ साली ब्यूनॉस आयर्स येथे आपल्या मनू भाकरने भारतासाठी सुवर्ण जिंकले. शिवाय ताजिकिस्तानच्या एका मुलाबरोबर जोडी करून पिस्तूल नेमबाजीत रौप्यपदकही मिळवले. ते रौप्य कोणत्या देशाचे म्हणावे? तक्त्यात ते मिश्र संघ या वेगळ्या ओळीत जाते. मला विचाराल तर ती ओळ त्या तक्त्यातील सर्वांत सुंदर ओळ आहे.

आता पालकांसाठी दोन शब्द. “खेळून पोट भरते काय?” हा आपला नेहमीचा प्रश्न, आणि तो चुकीचा नाही. ज्या घरी रोवणीच्या दिवसांत मुलालाही बांधीवर जावे लागते किंवा दुकानावर बसावे लागते, त्या घराने तो विचारणारच. त्याचे उत्तर उदाहरणांनी देतो. पुण्याच्या त्या स्पर्धेत कोल्हापूरच्या वीरधवल खाडे यांनी जलतरणात सुवर्ण जिंकले. २०१० च्या आशियाई स्पर्धेत त्यांना कांस्य मिळाले आणि पुढे ते राज्य शासनात तहसीलदार झाले. पॅरिसला कांस्य मिळवणारे कोल्हापूर जिल्ह्यातील स्वप्नील कुसळे हे रेल्वेत नोकरी करीत नेमबाजी करीत होते. राज्याच्या नोकऱ्यांत पात्र खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षण आहे. अर्थात प्रत्येक खेळणारे मूल तेथवर जाणार नाही, जसे प्रत्येक शिकणारे मूल डॉक्टर होत नाही. म्हणून आपण कोणाची शाळा बंद करीत नाही.

आणि मुलींचे काय? पुण्यात बॅडमिंटनचे मुलींचे सुवर्ण सायना नेहवालने घेतले. दोन वर्षांनी दिल्लीत, स्पर्धेच्या अखेरच्या दिवशी, भारताचे ३८ वे सुवर्ण तिच्याच रॅकेटने आले आणि त्या एका पदकाने भारत इंग्लंडच्या पुढे गेला. तक्ता मुलाचे पदक आणि मुलीचे पदक असा भेद करीत नाही. भेद होतो तो त्याआधी, घराच्या उंबरठ्यावर. निजामाबादची निखत झरीन २०११ साली तुर्कस्तानातील अंताल्या येथे कनिष्ठ गटात जागतिक मुष्टियुद्ध विजेती झाली आणि २०२२ व २०२३ मध्ये जगज्जेती. तिला हात धरून मैदानावर नेणारे तिचे अब्बाच होते. आपल्या शाळेतही सातवीपर्यंत मुलांच्या बरोबरीने धावणाऱ्या मुली आहेत. आठवीत त्या मैदानाच्या कडेला उभ्या राहून पाहतात, नववीत येतच नाहीत. त्यांच्यात कोण पुढे गेली असती, हे कोणताही तक्ता आपल्याला सांगणार नाही, कारण तक्ता पोचलेल्यांचीच मोजणी करतो.

म्हणून माझ्या काही साध्या विनंत्या आहेत.

पहिली, जन्मतारखेविषयी. युवा स्पर्धा वयावर चालतात. शाळेत नाव घालताना अंदाजाने जूनची एखादी तारीख सांगण्याची सवय आपल्याकडे फार आहे. पुढे दाखला आणि नोंद जुळत नाही आणि मूल निवडीतून बाद होते. ग्रामपंचायत वा नगर परिषदेतील जन्मनोंद वेळीच करून तीच तारीख शाळेत द्यावी.

दुसरी, संस्थेला व आम्हा शिक्षकांना. वेळापत्रकातील खेळाचा तास हा अभ्यासक्रम पुरा करण्यासाठी राखीव ठेवलेला तास नव्हे. तो मैदानावरच व्हावा, आणि मुलींच्या संघाबरोबर बाहेरगावी शिक्षिका असावी, म्हणजे अम्मी-अब्बांची निम्मी काळजी दूर होईल.

तिसरी, पालकांना. मुलगा स्पर्धेहून परतला की नंबर अवश्य विचारा, पण त्याबरोबर असेही विचारा की मागच्या वेळी किती लांब उडी मारली होती आणि या वेळी किती? चौथा आलेला मुलगा स्वतःच्या मागील उडीपेक्षा वीतभर पुढे गेला असेल, तर त्याच्या पाठीवरून हात फिरवा.

आणि विद्यार्थी मित्रहो, तुम्ही एक वही करा. तारीख, अंतर, वेळ, एवढेच तिच्यात लिहा. हा तुमचा स्वतःचा तक्ता. २०१९ साली त्याच बालेवाडीत झालेल्या खेलो इंडिया युवा स्पर्धेत महाराष्ट्र ८५ सुवर्णांसह देशात पहिला आला होता. त्या मोठ्या आकड्यात भंडारा, मोहाडी, तुमसर, लाखनी, साकोली, लाखांदूर आणि पवनीची किती मुले होती, हे तेथे लिहिलेले नसते. बोडी-तलावात आणि वैनगंगेत पोहणारी, रोज सायकलने आठ-दहा किलोमीटर शाळेला येणारी मुले आपल्याकडे आहेत. ताकद आहे, तिला मोजमाप आणि सराव हवा.

शेवटी एक जुनी आठवण देतो. १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव कुस्तीत कांस्य जिंकले. स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक. देशाचा नंबर ठरला तो हॉकीच्या सुवर्णावर. एका कांस्याने त्या रांगेत फारसा फरक पडत नव्हता. परंतु त्यांना पाठवण्यासाठी लोकांनी वर्गणी गोळा केली होती आणि त्या पदकाचे मोल महाराष्ट्र आजही जाणतो. तक्त्यातील क्रमांक दर चार वर्षांनी बदलतो. एका मुलाला वा मुलीला मैदानापर्यंत पोचवणारे गाव मात्र ते काम कायमचे करून जाते. आपले गाव, आपला समाज आणि आपली ही संस्था तसे काम करील, अशी आशा व्यक्त करतो.



जय हिंद! जय महाराष्ट्र!

— सहायक शिक्षक, बी. ए., बी. एड.