वाळूची गाडी पकडली, पुढे काय?

नदीकाठच्या गावांत एक प्रश्न नेहमी कानावर येतो. वाळू नेताना ट्रॅक्टर पकडला, आता तो सुटायचा कसा? नांगरणी तोंडावर आलेली, बँकेचा हप्ता डोक्यावर, आणि ट्रॅक्टर उभा तहसील कचेरीच्या आवारात! मग कोणी सांगतो, अमक्याला भेटा. कोणी म्हणतो, तिथल्या तिथे मिटवून टाका. अशा सल्ल्याने पैसा जातो आणि काम होतेच असे नाही. म्हणून कायद्याची वाट कशी आहे, ती आज नीट पाहू.

वाळू हे गौण खनिज आहे. १९५७ च्या खाण व खनिज कायद्याने गौण खनिजांचे नियम करण्याचा अधिकार राज्यांना दिला. आपल्या महाराष्ट्रात १९६६ च्या जमीन महसूल संहितेचे कलम ४८ लागू होते. नदी आपल्या शिवारातून वाहते म्हणून तिची वाळू आपली होत नाही. वाळू विनापरवाना काढली किंवा नेली, तर तिच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होऊ शकतो.

आता दोन शब्दांतला फरक ध्यानात घ्या. जप्ती म्हणजे वस्तू ताब्यात घेणे. सरकारजमा म्हणजे तिच्यावरची तुमची मालकीच संपणे. वाळू उपसण्याची यंत्रे तहसीलदार किंवा त्यांच्या वरचा अधिकार दिलेला अधिकारी जप्त करून सरकारजमाही करू शकतो. वाहतुकीचे वाहन तो जप्त करतो. मात्र जप्तीपासून ४८ तासांच्या आत ते जिल्हाधिकाऱ्यांपुढे, किंवा अधिकार दिलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्याहून खालच्या नसलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करावे लागते. ठरलेला दंड भरून घेऊन वाहन सोडायचे की नाही, हे तो अधिकारी ठरवतो. ही वाट कचेरीतल्या शिपायाकडून जात नाही, की गावातल्या मध्यस्थाकडूनही नाही.

सोडताना मालकाकडून जातमुचलका लिहून घेतात. हे वाहन पुन्हा अशा कामी वापरणार नाही, अशी ती हमी असते. तिची रक्कम वाहनाच्या बाजारभावापर्यंत असू शकते. “ट्रॅक्टर मी भाड्याने दिला होता, मला काय ठाऊक?” असे म्हणून भागत नाही. वाहन सोडवायचे तर दंड मालकालाच भरावा लागतो. तेव्हा किल्ली दुसऱ्याच्या हाती देण्याआधी विचारा, बाबा, ट्रॉलीत काय भरणार आहेस?

दुसरी वाट फौजदारीची. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली स्पष्ट केले, की नदीची वाळू विनापरवाना नेणे ही चोरीही ठरू शकते. त्यामुळे महसुली दंड भरून गाडी सुटली, म्हणजे पोलिसांतला गुन्हा आपोआप मिटला असे समजू नका. १९५७ च्या कायद्याखाली खटला चालला, तर न्यायालयाच्या आदेशाने वाहन सरकारजमा होऊ शकते.

पण न्यायालयाच्या ताब्यातली गाडी गंजत पडावी, असेही कायद्याला नको आहे. जप्त वाहने पोलीस ठाण्यात फार काळ ठेवू नयेत. पंचनामा व छायाचित्रे करून, योग्य हमी घेऊन ती सोपवावीत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली सांगितले. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ नुसार, न्यायालयापुढे आलेल्या मालाची नोंद १४ दिवसांत आणि त्यापुढे ३० दिवसांत त्याच्या विल्हेवाटीचा आदेश व्हायला हवा. त्यासाठी मालकाने अर्ज मात्र करावा.

मग करायचे काय? पंचनाम्याची नक्कल मागा. वाळू किती ब्रास, दिवस कोणता, वेळ कोणती, हे त्यात वाचून पाहा. भरलेल्या प्रत्येक रुपयाची पावती घ्या. जिल्हाधिकाऱ्यांहून खालच्या अधिकाऱ्याचा आदेश मान्य नसेल, तर ६० दिवसांत अपील करता येते. आवारातली गाडी रात्रीतून पळवून नेऊ नका. एका गुन्ह्याचे दोन होतील.

शिक्षक बंधुभगिनींना एक विनंती आहे. गावात सरकारी कागद आला की तो पुष्कळदा तुमच्याकडेच वाचायला येतो. वाचून दाखवताना तारीख आणि मुदत बोट ठेवून दाखवा. वरच्या वर्गातल्या मुलांना नदीवर न्या आणि सांगा, की ही वाळू पावसाचे पाणी धरून ठेवते, काठच्या विहिरींना पाझर देते. ती खरवडली की विहिरी लवकर आटतात, पुलाचे खांब उघडे पडतात. एका खेपेचे भाडे एका घरात जाते. आटलेल्या विहिरीचा दोर मात्र साऱ्या गावाला लांब करावा लागतो.

गाडी सोडवण्याची वाट आहे, ती सरळ आहे आणि कागदावर आहे. पण गाडी पकडली जाण्याची वेळच न येऊ देणे, हे मालकाच्याही हिताचे आणि नदीच्याही.