गृहभेटीचा रकाना



या परिषदेच्या अध्यक्षपदाचा मान मला दिल्याबद्दल मी आपला ऋणी आहे, आणि माझ्याहून अधिक योग्य माणसे या सभागृहात बसली आहेत, हे रीतीप्रमाणे सांगून तो विषय संपवतो. कार्यक्रमपत्रिकेत माझ्या भाषणाचा विषय ‘बालमनोविकारशास्त्राची वाटचाल’ असा छापला आहे. तेव्हा शिकागोत १९०९ साली विल्यम हीली यांनी बालगुन्हेगारांच्या परीक्षणासाठी संस्था काढली, १९३५ साली लिओ कॅनर यांचे पाठ्यपुस्तक आले, त्यांनीच १९४३ साली आत्ममग्न मुलांचे वर्णन केले, आणि मुंबईत टाटांच्या समाजकार्य विद्यालयाने १९३७ साली बालमार्गदर्शन केंद्र उघडले, एवढी उजळणी करून ती वाटचाल मी इथेच थांबवतो.

कारण हे शेवटचे केंद्र समाजकार्याच्या विद्यालयाच्या पोटी जन्मले, ही गोष्ट आपण डॉक्टरमंडळी सोयीस्करपणे विसरलो आहोत, आणि त्या विस्मरणाविषयी बोलण्याची संधी मी फार वर्षे शोधत होतो. मनोविकारतज्ज्ञाने मुलाशी बोलावे, मानसशास्त्रज्ञाने त्याची बुद्धी तपासावी आणि समाजकार्यकर्तीने खांद्याला पिशवी अडकवून त्याचे घर गाठावे, अशी जी तिघांची मांडणी बालमार्गदर्शन केंद्रांनी रूढ केली होती, तिच्यातले तिसरे माणूस माझ्या डोळ्यांदेखत हद्दपार झाले. केसपेपरवर ‘गृहभेट’ हा रकाना काही ठिकाणी अजूनही छापला जातो. हल्ली त्यात आडवी रेघ मारतात.

हे घडले कसे? कोणी हुकूम काढला नाही. एका सरकारी रुग्णालयात, ज्याचे नाव मी घेणार नाही, आमच्या समाजकार्यकर्ती बाईंचे प्रवासभत्त्याचे बिल लेखापरीक्षणातून परत आले, तेव्हा त्यावर तांबड्या शाईत शेरा होता : ‘रुग्ण स्वतः बाह्यरुग्ण विभागात हजर असताना त्याचे घरी जाण्याचे प्रयोजन काय, याचा खुलासा व्हावा.’ खुलासा मी तीन पानी दिला. मंजुरी आली नाही. पुढे बाई निवृत्त झाल्या आणि ती जागा रिक्तच राहिली.

प्रयोजन काय, हे आता त्या लेखापरीक्षकांच्या पश्चात सांगतो. गिरण्यांचे भोंगे अजून वाजत होते तेव्हाची गोष्ट. परळकडचा एक आठ वर्षांचा मुलगा आमच्याकडे आला. शिक्षिकेने भरलेल्या प्रश्नावलीत त्याच्या चंचलतेला भरघोस गुण होते, आणि आई मात्र ‘घरात पोर अगदी गरीब आहे हो’ याच्यापलीकडे काही बोलेना. आमच्या बैठकीत जुंपली : एक सहकारी औषध ताबडतोब सुरू करा म्हणत होते, तर दुसरे, लक्षणे शाळा आणि घर अशा दोन्ही ठिकाणी दिसल्यावाचून निदानच होत नाही हा नियम पुढे करून, आई लपवते असा निर्वाळा देत होते. बाई दुसऱ्या दिवशी सकाळी अकराच्या सुमारास त्यांच्या चाळीत गेल्या. एका खोलीच्या मधोमध रातपाळी करून आलेला बाप झोपला होता, आई गॅलरीत तांदूळ निवडत होती, आणि मोरीतल्या गळक्या नळाला एक फडके असे बांधले होते की त्याचे टोक बादलीत लोंबावे व थेंबाचा आवाज होऊ नये. हे कोणी केले, असे बाईंनी खुणेनेच विचारले; आईने उंबऱ्यावर बसलेल्या त्या मुलाकडे बोट दाखवले. सकाळभर श्वाससुद्धा जपून घेणारे ते पोर दुपारच्या शाळेत जाऊन बाकांवरून उड्या मारणार नाही तर काय करील? मुख्याध्यापकांनी त्याला सकाळच्या अधिवेशनात घेतले. दिवाळीनंतर नव्या वर्गशिक्षिकेची तक्रार आली ती एवढीच, की तो पहिल्या तासाला पेंगतो.

औषधांशी माझे वैर नाही. मीही ती लिहिली आहेत आणि लिहीन. परंतु ‘औषध की समुपदेशन’ हा वाद, जो उद्याच्या परिसंवादात पुन्हा रंगणार आहे, तो दोन्ही बाजूंनी खुर्चीत बसून घातला जातो, आणि त्या नळाचे फडके कोणत्याच खुर्चीवरून दिसत नाही. २०१५-१६ च्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षणात तेरा ते सतरा वर्षांच्या मुलांत मनोविकारांचे प्रमाण ७.३ टक्के आढळले, तेव्हा इतक्यांची घरे कोण हिंडणार, असे माझे तरुण मित्र विचारतात. सगळ्यांची हिंडा असे मी म्हणतच नाही. जिथे शाळेची आणि घराची कैफियत जुळत नाही, तिथे तरी जा. आता व्हिडिओवरून घर पाहता येते, हा युक्तिवादही मी ऐकला आहे. मोबाइल ज्याच्या हातात असतो तो मोरी दाखवीत नाही, महाराज!

घर न पाहता शेरे कसे मारले जातात, तेही सांगतो. ऊसतोडीच्या मुलखातल्या, ‘उद्दाम’ ठरवलेल्या एका चौदा वर्षांच्या मुलाच्या कागदावर मी स्वतः वाचलेला शेरा असा होता : ‘पाठपुराव्यास गैरहजर; पालक बेफिकीर.’ आईबाप कारखान्याच्या पट्ट्यात कोयता घेऊन गेले होते, आणि धाकट्या दोघांना व दृष्टी गेलेल्या आजीला भाकरी करून घालणारा हा ‘उद्दाम’ मुलगा तालुक्याला यायचा तर चूल कोणी पेटवायची?

तेव्हा मार्गदर्शक पुस्तिका, प्रशिक्षणवर्ग, शासनाकडे शिष्टमंडळ, असे जे काही करावे लागेल ते नव्या कार्यकारिणीने ठरवावे. तपशील माझ्यापाशी तयार नाही, तो मी लवकरच कळवीन. तूर्त समाजकार्यकर्त्यांची रिक्त पदे प्रवासभत्त्यासह भरावीत, असा ठराव विषयनियामक समितीपुढे ठेवण्याची तजवीज केली आहे. खर्चाविषयी कोषाध्यक्षांना जे म्हणायचे आहे ते त्यांच्या चेहऱ्यावर मला केव्हापासून दिसते आहे. त्यांनी ते भोजनोत्तर सत्रात म्हणावे, मी तिथे हजर आहे.