पांच सेंटांचें दुकान

न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन विभागाचें दक्षिण टोंक जेथें समुद्राला भिडतें, त्या किनाऱ्यास कोनी आयलंड म्हणतात. तेथील सर्फ व स्टिलवेल या दोन रस्त्यांच्या कोपऱ्यावर १९१६ सालीं नॅथन हँडवेर्कर या तरुण ज्यू गृहस्थानें एक लहानसें दुकान थाटलें. विकावयाचा मुख्य जिन्नस एकच, हॉट डॉग. या नांवाचा शब्दशः अर्थ ‘गरम कुत्रा’ असा होत असला, तरी श्रोत्यांनीं दचकूं नये. मसालेदार खिम्याची लांबट नळी भाजून मऊ पावाच्या पोटांत घालावयाची आणि वर मोहरीचें तिखट फांसावयाचें, एवढाच तो प्रकार.

नॅथन मूळचा गॅलिशियांतील नारोल गांवचा. तो मुलूख त्या काळीं ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यांत मोडे. आज तें गांव पोलंडमध्यें आहे. बाप जोडे शिवी, घरांत तेरा मुलें. शाळेचें तोंड नॅथनला फारसें दिसलेंच नाहीं. १९१२ सालीं तो अमेरिकेंत उतरला. कोनी आयलंडवर चार्ल्स फेल्टमन या जर्मन पाववाल्यानें उभारलेलें भलेंमोठें उपाहारगृह होतें. तेथें पाव चिरण्याचें काम त्यास मिळालें. फेल्टमनकडे एका हॉट डॉगला दहा सेंट पडत. नॅथननें शिलकेंतील तीनशें डॉलर घालून दुकान काढलें आणि भाव ठेवला पांच सेंट.

गिऱ्हाईक धांवून येईल अशी अपेक्षा. पण स्वस्ताईनेंच घात केला. १९०६ सालीं अप्टन सिंक्लेअर यांच्या कादंबरीनें शिकागोच्या मांस-कारखान्यांतील घाण चव्हाट्यावर आणली होती, तेव्हां निम्म्या भावांत मिळणाऱ्या मांसांत काय असेल, ही शंका साहजिकच होती. नॅथननें कांहीं तरुणांना डॉक्टरी पांढरे डगले चढवून दुकानासमोर खात उभें केलें, अशी कथा सांगतात. ती खरी असो वा नसो, लोकांचें मन कोठें अडलें होतें हें तिच्यावरून नेमकें कळतें. दुकानाचें खरें भाग्य फळफळलें तें १९२० सालीं. भुयारी रेल्वेनें पांच सेंटांत थेट कोनी आयलंडला पोहोंचतां येऊं लागलें, आणि स्थानकांतून बाहेर पडतांच समोर नॅथन! पांच सेंटांत समुद्र व पांच सेंटांत फराळ, ही चैन गिरणीकामगारालाही परवडे.

नॅथन व त्याची पत्नी इडा दोघेंही दुकानांत राबत. मालकाची नजर पावाच्या ताजेपणापासून नोकराच्या हातापर्यंत सर्वत्र फिरे. दुकान एकच असावें, कारण दोन डोळ्यांस एवढेंच दिसतें, असा त्याचा एकंदर खाक्या होता. थोरला मुलगा मरे दुसऱ्या महायुद्धांतून परतला, तो निराळ्या कल्पना घेऊन. त्याला समुद्रांतील शिंपल्या व इतर पदार्थ ठेवावयाचे होते, शाखा काढावयाच्या होत्या. बापाला तें रुचेना. तरी १९५९ सालीं मरेनें लाँग आयलंडवरील ओशनसाइड येथें दुसरें दुकान काढलेंच. धाकटा सॉल पुढें घरच्या धंद्यांतून बाजूला झाला. १९६८ सालीं कंपनीचे भाग बाजारांत विक्रीस निघाले, आणि १९७४ सालीं नॅथन वारला. मुलाला दोष देणें सोपें आहे. पण एका कोपऱ्यावर साऱ्या कुटुंबाचें भवितव्य टांगून ठेवणेंही शहाणपणाचें नव्हतें. मात्र विस्ताराला बाहेरचें भांडवल लागतें, आणि बाहेरचें भांडवल आलें कीं घरची सत्ता पातळ होते. १९८७ सालीं धंदा परक्या गुंतवणूकदारांस विकला गेला.

दर ४ जुलैला तेथें हॉट डॉग खाण्याची शर्यत लागते. ती १९१६ पासूनची म्हणून गाजविली जाई. ती कथा आपणच रचली, असें जाहिरातकार मॉर्टिमर मॅट्झ यांनीं २०१० सालीं कबूल केलें.

२०१२ च्या सँडी वादळांत समुद्राचें पाणी दुकानांत शिरलें; दुरुस्तीनंतर पुढल्या वर्षीं तें पुन्हां उघडलें. २०१४ सालीं नॅथनच्या नातवानें, लॉईड हँडवेर्कर यांनीं, कुटुंबाचा चित्रपट प्रसिद्ध केला. त्यांत जुने नोकर आठवणी सांगतात, आणि म्हाताऱ्या नॅथनचा ध्वनिमुद्रित आवाजही ऐकूं येतो.